‘बॉडी अँड सोल’चा अभ्यास: एका बॅलडची स्वरसंगती, तिची ध्वनिमुद्रणे आणि परवान्याचे कागद

सप्टेंबर २०२४ मध्ये न्यू जर्सीतील एका संगीतशाळेच्या संध्याकाळच्या जॅझ वर्गात मी नाव घातले. प्रौढांसाठीच्या या वर्गाच्या नोंदणीपत्रकातच एक अट होती. अभ्यासक्रम संपेपर्यंत प्रत्येक विद्यार्थ्याने एक जुनी बॅलड, म्हणजे संथ लयीचे भावगीत, निवडायची, तिच्या ध्वनिमुद्रणांचा इतिहास मांडायचा, तिची स्वरसंगती समजावून सांगायची आणि शेवटी ती स्वतः वाजवून मुद्रित करायची. मी ‘बॉडी अँड सोल’ निवडली आणि डिसेंबर २०२५ मध्ये ते काम पुरे झाले. पेटीवर आणि रागदारीवर वाढलेल्या माणसाला या वाटेने जायचे असेल, तर कुठे काय लागते, किती वेळ जातो आणि किती पैसे पडतात हे कुठेतरी लिहिलेले असावे, म्हणून हा वृत्तान्त.

खर्चाचे आधी सांगते, कारण मला सुरुवातीला त्याचीच सर्वांत जास्त धास्ती होती. वर्गाचे एका सत्राचे शुल्क ४५० डॉलर होते. टेनर सॅक्सोफोन मी विकत न घेता महिना ५८ डॉलर भाड्याने घेतला. दुकानदाराकडून भाड्याच्या करारात दुरुस्तीचा खर्च धरलेला आहे की नाही हे लेखी विचारून घ्यावे, कारण या वाद्याची छिद्रे झाकणारे पॅड हवामानाने बिघडतात आणि एकेका दुरुस्तीचे पैसे चांगलेच होतात. ध्वनिमुद्रणांसाठी मात्र मला फारसे काही द्यावे लागले नाही. गावातल्या सार्वजनिक ग्रंथालयाच्या कार्डावर सीडी मिळाल्या, आणि जी आमच्या शाखेत नव्हती ती दुसऱ्या शाखेतून मागवता आली. एकेक यायला आठवडा-दीड आठवडा लागे.

शिक्षकांचा पहिला सल्ला असा होता की, छापील कॉर्डचे, म्हणजे एकदम वाजणाऱ्या स्वरसमूहांचे, पान अजून उघडू नका, ध्वनिमुद्रणे काळाच्या क्रमाने ऐका. संपूर्ण हिवाळा मी तेच केले.

या गाण्याचा जन्म १९३० चा. संगीतकार जॉनी ग्रीन तेव्हा जेमतेम एकवीस-बावीस वर्षांचा होता. हार्वर्डमध्ये अर्थशास्त्र शिकून, काही काळ वॉल स्ट्रीटवर नोकरी करून तो संगीताकडे वळला होता. शब्द एडवर्ड हेमन, रॉबर्ट सोर आणि फ्रँक आयटन या तिघांचे. इंग्लिश अभिनेत्री गर्ट्रूड लॉरेन्स हिच्यासाठी हे गाणे न्यूयॉर्कमध्ये बांधले गेले. तिने ते लंडनला नेले आणि तिथे जॅक हिल्टनच्या वाद्यवृंदाने त्याच वर्षी ते मुद्रित केले. अमेरिकेच्या रंगभूमीवर ते आले ऑक्टोबर १९३० मध्ये, ‘थ्रीज अ क्राउड’ या कार्यक्रमात, लिबी होल्मनच्या गळ्यातून. त्याच महिन्यात जॅझचा ट्रम्पेटवादक आणि गायक लुई आर्मस्ट्राँगने लॉस एंजेलिसला ते मुद्रित केले. म्हणजे नाटकातले गाणे आणि जॅझवाल्यांचे गाणे अशी त्याची दोन आयुष्ये जवळजवळ एकदमच सुरू झाली.

पुढची मोठी पायरी १९३५ ची. बेनी गुडमनचे क्लॅरिनेट, टेडी विल्सनचा पियानो आणि जीन क्रूपाचे ड्रम एवढ्याच तिघांनी ते वाजवले. बेसच नसल्यामुळे पियानोचा डावा हात काय करतो ते अगदी स्वच्छ ऐकू येते, आणि म्हणूनच स्वरसंगतीच्या अभ्यासाला मला हे मुद्रण सर्वांत उपयोगी पडले. शिवाय गोरे आणि काळे वादक एकत्र बसून वाजवताहेत ही गोष्ट त्या काळच्या अमेरिकेत साधी नव्हती. १९३८ मध्ये सॅक्सोफोनवादक चू बेरी आणि ट्रम्पेटवादक रॉय एल्ड्रिज यांनी ते मुद्रित केले. त्यात एल्ड्रिजची पाळी येते तेव्हा लय दुप्पट होते. संथ बॅलडमध्ये मध्येच दुगुन घेण्याची ही चाल पुढे अनेकांनी उचलली.

जानेवारी २०२५ मध्ये मी स्वरसंगतीकडे वळले. सॅक्सोफोनवर एका वेळी एकच स्वर निघतो, त्यामुळे कॉर्ड समजून घ्यायला ते वाद्य अपुरे पडते. माझी पुण्याहून आणलेली पेटी त्यासाठी बाहेर काढली. ज्यांच्याकडे पियानो नाही त्यांनी पेटी वापरण्यात काहीच कमीपणा मानू नये. भात्यावर एक हात असतो हे खरे, पण उरलेल्या हातात चार स्वर बसतात आणि जॅझच्या बहुतेक कॉर्डना तेवढे पुरतात.

गाण्याचा सांगाडा ३२ बारांचा आहे. बार म्हणजे इथे चार ठोक्यांचा एक विभाग. आठ बारांचा पहिला भाग दोनदा, मग आठ बारांचा मधला भाग, ज्याला ब्रिज म्हणतात, आणि शेवटी पुन्हा पहिला भाग, असे एक आवर्तन होते. जॅझवादक हे गाणे बहुतेक करून डी फ्लॅटमध्ये वाजवतात, म्हणजे आपल्या भाषेत काळी एक. पण गाणे षड्जाच्या कॉर्डवर सुरू होतच नाही. पहिली कॉर्ड आहे ई फ्लॅट मायनर, म्हणजे ऋषभावर उभारलेली, आणि चालही आरंभी ऋषभ-गंधाराभोवती घुटमळते. षड्जाची कॉर्ड तिसऱ्या बारमध्ये येते आणि लगेच सुटते. ती खरी ठरते आठव्या बारमध्ये. मधल्या प्रवासात, चौथ्या-पाचव्या बारमध्ये, बेस, म्हणजे सर्वांत खालचा स्वर, एफवरून ई नॅचरलवर आणि तिथून ई फ्लॅटवर अर्ध्या-अर्ध्या स्वराने उतरतो. ही उतरण पेटीवर एका बोटाने वाजवत वरून चाल गायली की गाण्याची अर्धी उदासी कुठून येते ते कळते.

दुसऱ्या बारच्या शेवटी एक बारीक जागा आहे. सरळ रीतीने तिथे ए फ्लॅट सेव्हन यायला हवी, म्हणजे पंचमावरची कॉर्ड, जी कानाला षड्जाकडे नेते. पण पुष्कळ वादक तिथे डी सेव्हन घेतात. या दोन कॉर्डचे मूळ स्वर एकमेकांपासून सप्तकात जितके लांब असू शकतात तितके लांब आहेत, तरीही सी आणि जी फ्लॅट हे दोन स्वर दोघींतही आहेत, आणि षड्जाची ओढ निर्माण करणारे स्वर नेमके तेच आहेत. म्हणून एक काढून दुसरी ठेवली तरी वाट तुटत नाही. उलट बेस डीवरून डी फ्लॅटवर अर्धा स्वर घसरून येतो. ही अदलाबदल हातात बसायला मला फेब्रुवारी संपला.

त्यानंतर ब्रिज. इथे गाणे अर्धा स्वर वर चढून डी मेजरमध्ये जाते, काळी एकवरून पांढरी दोनवर. चार बारांनंतर ते सी मेजरमध्ये उतरते, म्हणजे पांढरी एकवर. मूळ षड्जाच्या एका बाजूला अर्धा स्वर आणि मग दुसऱ्या बाजूला अर्धा स्वर, असे हे आठ बार आहेत. पुण्यातले माझे पेटीचे गुरुजी आता ऐंशीच्या पुढे आहेत. फोनवर मी त्यांना हा भाग वाजवून दाखवला. सगळे शांतपणे ऐकून ते म्हणाले, “अगं, सा दोनदा हलवलास ते कळलं. पण परत मुक्कामाला कशी येतेस ते पुन्हा वाजव. तिथं काहीतरी आहे.” त्यांनी बोट ठेवले होते ते ब्रिजच्या शेवटच्या, म्हणजे चोविसाव्या बारवर. तिथे सी सेव्हन, बी सेव्हन, बी फ्लॅट सेव्हन अशा तीन कॉर्ड अर्ध्या-अर्ध्या स्वराने खाली सरकतात आणि तिसरी आपल्याला ई फ्लॅट मायनरच्या, म्हणजे गाण्याच्या पहिल्या कॉर्डच्या दारात आणून सोडते. एका बारमध्ये हे सगळे घडते. संपूर्ण गाण्यात मला सर्वांत प्रिय असलेली जागा हीच, आणि जॅझचे एकही मुद्रण संग्रही नसलेल्या गुरुजींनी ती एका ऐकण्यात हेरली याचे मला अजून अप्रूप वाटते.

टेनर वाजवणाऱ्यांसाठी एक व्यवहाराची गोष्ट. हे वाद्य स्वरलेखनात एक सप्तक आणि एक पूर्ण स्वर वर लिहिले जाते. डी फ्लॅटचे गाणे तुमच्या पानावर ई फ्लॅटमध्ये येते, ब्रिजचा पहिला अर्धा भाग ई मेजरमध्ये आणि दुसरा डी मेजरमध्ये. पेटीवर एका स्वरात आणि सॅक्सोफोनवर दुसऱ्या स्वरात विचार करताना डोके गरगरते. मी दोन्ही पाने वेगवेगळ्या रंगांत लिहून भिंतीवर लावली होती आणि त्याचा उपयोग झाला.

मार्चमध्ये मी टेनर सॅक्सोफोनवादक कोलमन हॉकिन्सच्या मुद्रणाला हात घातला. ११ ऑक्टोबर १९३९ रोजी न्यूयॉर्कमध्ये झालेले हे मुद्रण या गाण्याच्या इतिहासातला कळस आहे, असे मी निःशंकपणे म्हणेन. हॉकिन्स पाच वर्षे युरोपात काढून त्याच वर्षी उन्हाळ्यात परतला होता. ब्लूबर्ड या आरसीए व्हिक्टरच्या स्वस्त लेबलवर ते निघाले. जीन रॉजर्सचा पियानो चार बारांची प्रस्तावना वाजवतो, मग हॉकिन्स दोन आवर्तने वाजवतो आणि मुद्रण संपते. मिनिटाला ७८ फेऱ्यांच्या तबकडीत जेमतेम तीन मिनिटे मावत, त्यातच हे सारे बसवलेले आहे. मूळ चाल पहिल्या काही बारांत ओळखू येते, पुढे ती जवळजवळ दिसतच नाही. उरते ती स्वरसंगती, आणि हॉकिन्स तिच्या प्रत्येक कॉर्डमधून वर-खाली जात, मधल्या वाटेच्या कॉर्ड स्वतः घालत एक अखंड नवी चाल विणत जातो. दुसऱ्या आवर्तनात मागे इतर वाद्ये लांब स्वरांचा आधार देतात आणि त्या आधारावर तो शेवटच्या आठ बारांकडे चढत जातो. गाण्याची ओळखीची चाल जवळपास टाकून देणारे हे मुद्रण लोकांनी उचलून धरले, ते प्रचंड खपले, आणि २००४ मध्ये अमेरिकेच्या काँग्रेस ग्रंथालयाच्या राष्ट्रीय ध्वनिमुद्रण नोंदवहीत त्याचा समावेश झाला. गायक एडी जेफरसनने पुढे हॉकिन्सच्या या वादनालाच स्वरशः शब्द घातले.

हे ६४ बार मी आधी गळ्यात बसवले, मग वाद्यावर घेतले आणि सर्वांत शेवटी कागदावर उतरवले. हा क्रम माझ्या शिक्षकांनाही मान्य होता, आणि आपल्याकडच्या तालमीशी तो जुळणारा असल्यामुळे मला परका वाटला नाही. गती कमी करणारे सॉफ्टवेअर ४० डॉलरच्या आसपास मिळते. जुन्या तबकड्यांची डिजिटल रूपे नेहमी अचूक स्वरात असतातच असे नाही, म्हणून रॉजर्सच्या प्रस्तावनेशी आपले वाद्य ताडून पाहावे आणि फरक असेल तर सॉफ्टवेअरमध्येच सारखा करून घ्यावा. हॉकिन्सचा सूर रुंद, भरलेला आणि कंपयुक्त आहे. स्वर लिहून काढता येतात, पण ती फुंक लिहिता येत नाही. तिच्यासाठी रोज लांब स्वरांचा रियाज करण्यावाचून दुसरा उपाय मला मिळाला नाही. मे महिन्याच्या मध्यापर्यंत मी निराश होते आणि हे गाणे बदलून घ्यावे का असा विचार मनात अनेकदा येऊन गेला. शिक्षकांनी एवढेच सुचवले की, महिनाभर हॉकिन्स बाजूला ठेवा आणि १९४० चे गायिका बिली हॉलिडेचे मुद्रण गात राहा. शब्दांचे श्वास कुठे पडतात ते अंगात मुरले आणि वाद्यावरचे श्वासही आपोआप जागेवर आले.

जून-जुलैमध्ये अभिलेखागाराची पाळी होती. नेवार्कच्या रटगर्स विद्यापीठात इन्स्टिट्यूट ऑफ जॅझ स्टडीज आहे. मार्शल स्टर्न्स यांनी १९५२ मध्ये स्थापन केलेला हा संग्रह १९६६ पासून रटगर्सकडे आहे. तो सर्वांना खुला आहे, मात्र आधी वेळ ठरवून जावे लागते. मी ईमेलमध्ये विषय, हवी असलेली सामग्री आणि सोयीच्या तारखा लिहिल्या. उत्तर आणि वेळ मिळून सुमारे तीन आठवडे गेले. जर्सी सिटीहून पाथ रेल्वेने नेवार्क पेन स्टेशनला उतरून पुढे लाइट रेलने जाता येते. पिशवी बाहेर ठेवणे, शाईच्या पेनाऐवजी पेन्सिल वापरणे, एका वेळी एकच फोल्डर उघडणे हे नियम पाळायचे असतात. आपल्याला काय हवे ते जितके नेमके लिहाल तितके तिथला दिवस कारणी लागतो. ‘बॉडी अँड सोलविषयी काहीही’ असे लिहून चालत नाही, मुद्रणाचे वर्ष आणि वादकाचे नाव द्यावे.

तिथे मी १९३० चे छापील गाणे पियानोच्या साथीसकट पाहिले. त्यात ३२ बारांच्या आधी एक स्वतंत्र प्रास्ताविक भाग आहे, ज्याला व्हर्स म्हणतात. जॅझवाले तो जवळजवळ कधीच वाजवत नाहीत. छापील साथ आणि आज वर्गात वाटल्या जाणाऱ्या कॉर्डच्या पानात मला बराच फरक दिसला, आणि शिक्षकांनी आधी कान आणि मग कागद असा क्रम का धरला तेही तिथेच उलगडले. आजच्या पानावरच्या कॉर्ड एकट्या जॉनी ग्रीनच्या नाहीत. त्यांत टेडी विल्सनचा डावा हात आहे, हॉकिन्सने घातलेल्या मधल्या वाटा आहेत आणि नंतरच्या पियानोवादकांची भर आहे. मुद्रणांचा इतिहास वगळून या गाण्याची स्वरसंगती शिकता येत नाही, असे माझे ठाम मत झाले आहे.

याचा सर्वांत ठळक पुरावा म्हणजे ऑक्टोबर १९६० मध्ये सॅक्सोफोनवादक जॉन कोल्ट्रेनने केलेले मुद्रण. पहिल्या भागाखाली मॅकॉय टायनरचा पियानो आणि बेस मिळून एकच स्वर धरून ठेवल्यासारखी लय चालवतात. तानपुऱ्याची सवय असलेल्या कानाला तिथे लगेच ओळख पटते. ब्रिजमध्ये कोल्ट्रेन मूळ कॉर्डच्या जागी तिसऱ्या-तिसऱ्या स्वरावर उड्या मारणारी केंद्रे आणतो, जी त्याने ‘जायंट स्टेप्स’ या आपल्या रचनेत नुकतीच घडवली होती. थेलोनिअस मंकने ‘मंक्स ड्रीम’ या तबकडीत ते एकट्याने पियानोवर वाजवले आहे. आणि २०११ मध्ये टोनी बेनेट व एमी वाइनहाउस यांनी लंडनच्या अॅबी रोड स्टुडिओत ते एकत्र गायले. एमीचे हे शेवटचे स्टुडिओ-मुद्रण ठरले. ती आणि टोनी ज्या ठिकाणी एकमेकांसाठी ओळ सोडतात तिथे मला दर वेळी भरून येते.

सप्टेंबर २०२५ मध्ये परवान्याचे काम काढले. वर्गातल्या सादरीकरणाला काही लागत नव्हते, पण मला आप्तमित्रांसाठी १०० सीडी काढायच्या होत्या. अमेरिकेत १९३० मध्ये प्रकाशित झालेल्या रचनेवरचा हक्क ९५ वर्षांचा, म्हणजे २०२५ संपेपर्यंत होता. अशा रचनेचे नवे मुद्रण करण्यासाठी कायद्याने ठरवलेल्या दराने अनिवार्य परवाना मिळतो. २०२५ चा दर पाच मिनिटांपर्यंतच्या मुद्रणाला प्रतीमागे १२.७ सेंट होता, म्हणजे १०० प्रतींचे १२ डॉलर ७० सेंट. परवाना काढून देणाऱ्या एजन्सीचे सेवाशुल्क धरूनही एकूण रक्कम तीस डॉलरच्या आत राहिली. अर्जात गाण्याचे नाव, चारही रचनाकारांची नावे, मुद्रणाची लांबी आणि प्रतींची संख्या भरावी लागली. याच नावाची इतर गाणीही आहेत, म्हणून रचनाकारांची नावे पडताळूनच पुढे जावे. पाच मिनिटांच्या पुढे गेल्यास दर मिनिटांवर मोजला जातो, म्हणून मी आधीच हिशेब केला. मिनिटाला ६० ठोक्यांच्या लयीत ६४ बारांचे २५६ ठोके, म्हणजे ४ मिनिटे १६ सेकंद, आणि प्रस्तावनेची १६ सेकंदे. हा परवाना व्हिडिओला लागू होत नाही, त्याची परवानगी वेगळी घ्यावी लागते.

हे अर्ज भरताना एक गोष्ट सलत राहिली. माझे पैसे रचनाकारांच्या हक्कदारांकडे गेले, ते योग्यच आहे. पण ज्या ६४ बारांमुळे हे गाणे जगभर पोहोचले त्या हॉकिन्सला ‘रचनाकार’ या रकान्यात जागा नाही. जॅझमध्ये वाजवणारा माणूसच रचना करत असतो हे कायद्याच्या रकान्यांना दिसत नाही, आणि याचे मला मनापासून वाईट वाटते.

नोव्हेंबरमध्ये स्टुडिओ. तासाला ७५ डॉलरप्रमाणे तीन तास घेतले. पियानो आणि बेस वाजवणाऱ्यांना प्रत्येकी १५० डॉलर दिले. ड्रम घेतले नाहीत. थंडीत वाद्य बाहेरून आत आणले की सूर उतरलेला असतो, त्यामुळे ते गरम होईपर्यंतचा वेळ आरक्षणात धरावा. पहिले आवर्तन मी मूळ चालीजवळ ठेवले आणि दुसऱ्यात स्वतःचे वाजवले. चोविसाव्या बारमधल्या त्या तीन कॉर्ड मात्र कुठेही न बदलता स्वच्छ ऐकू याव्यात, असे पियानोवादकाला आधीच सांगितले होते. डिसेंबरच्या दुसऱ्या आठवड्यात सादरीकरण झाले. गुरुजींना सीडी पाठवली आहे.

१ जानेवारी २०२६ पासून ही रचना अमेरिकेत सार्वजनिक झाली आहे, त्यामुळे आता तिथे नवे मुद्रण करणाऱ्याला वरचा परवाना लागणार नाही. हॉकिन्सचे १९३९ चे मूळ मुद्रण मात्र तिथे २०३९ संपेपर्यंत संरक्षित आहे, तेव्हा ते आपल्या व्हिडिओत जोडू नये. भारतात स्थिती नेमकी उलटी आहे. मुद्रणावरचा हक्क ६० वर्षांचा असल्याने जुनी तबकडी केव्हाच मोकळी झाली, पण रचनेवरचा हक्क रचनाकाराच्या मृत्यूनंतर ६० वर्षे टिकतो आणि जॉनी ग्रीन १९८९ मध्ये वारले, म्हणजे २०४९ संपेपर्यंत परवानगी हवी असे धरून चालावे. भारतीय कायद्यात नव्या मुद्रणासाठी वैधानिक परवान्याचे कलम आहे, पण त्यात साधारणपणे वर्षाला किमान ५०,००० प्रतींचे मानधन आगाऊ भरावे लागते. हौशी वादकाला ते झेपणारे नाही. त्याने थेट हक्कदारांना लिहून लेखी परवानगी मागावी. मी सध्या १९३० च्या त्या छापील व्हर्सवर काम करते आहे. त्याची पियानोसाथ पेटी आणि टेनर यांच्यासाठी बसवायची आहे, आणि गुरुजींनी पेटीची बाजू मे महिन्यात स्वतः ऐकायची असे कबूल केले आहे.